पाणी प्यायचा दिवस

आई, आधी एक सांगून टाकते, म्हणजे पुढचं लिहायला मी मोकळी होईन. माझ्या कमरेला हल्ली एक किल्ली असते. घराची नाही, कपाटाचीही नाही. मी ज्या शर्टांच्या कारखान्यात सुपरवायझर आहे, तिथल्या बायकांच्या संडासाची किल्ली. महिना झाला, मॅनेजरनं तिथं कुलूप लावलं. पोरी आत जाऊन मोबाइल बघत बसतात आणि मशीनची लाइन थांबते, असं त्याचं म्हणणं. आता आठ तासांत दोनदाच जायचं. जाताना माझ्याकडं यायचं, वहीत नाव आणि वेळ लिहायची, किल्ली घ्यायची, परत आणून द्यायची. पोरी समोर मला काकू म्हणतात आणि मागं किल्लीवाली. मी स्वतः ऑफिसातल्या संडासात जाते, तिथं कुलूप नाही. तू असतीस तर काय म्हणाली असतीस ते मला चांगलं ठाऊक आहे, आणि जसंच्या तसं ते कागदावर लिहायचं धाडस या वयातही मला होत नाही.

आज सुट्टी आहे. दुपारची जेवणं झाली, भांडी घासून पालथी घातली, हे बाहेर पेपर वाचत बसलेत. तुझा जावई जन्मभर मागावर उभा राहिला, आता त्याच्या कानाशी ढोल वाजवला तरी त्याला पत्ता लागत नाही, त्यामुळं घरात शांतता भरपूर. उद्या आमच्या कारखान्यात हळदीकुंकू आहे. कंपनीच करते आता. स्टेज, फुगे, फोटो काढायला रंगीत पडदा, आणि मालकांच्या सूनबाई येणार. त्या हळदीकुंकवात उद्या मी काय करायचं, हा माझ्यापुढं प्रश्न आहे. एका पोरीनं मला एक साधी गोष्ट विचारली आणि तिला उत्तर द्यायच्या आधी मला तुझ्याशी बोलायला लागणार. तू जाऊन अठरा वर्षं झाली. एवढ्या वर्षांत तुला एक ओळ लिहिली नाही, आणि आज लिहायला बसले ती संडासावरून. हसू नको.

मला तुझा मार आठवत नाही, पण एक ओरडा आठवतो. मी दहावी झाले होते, पुढं शिकवायची तुझी ऐपत नव्हती, आणि बाबा जाऊन चार वर्षं झाली होती. इचलकरंजीत आपल्या गल्लीतल्या पोरी जायच्या तशी मीही तुझ्याबरोबर कांड्या भरायला आले. शेडमध्ये पलीकडं माग खडखडतायत, अलीकडं आपली कांडी मशीनची ओळ, कोनावरचं, म्हणजे मोठ्या रिळावरचं सूत रिकाम्या कांडीवर गुंडाळायचं, भरली की काढायची, दुसरी लावायची, आणि त्या कांड्या धोट्यात घालून पुरुष माग चालवणार. पहिल्याच दिवशी दहाच्या सुमाराला मला तहान लागली. मी उठून माठातून गडूभर पाणी घेतलं आणि घटाघटा प्यायले. तू मशीन सोडून माझ्यापर्यंत आलीस. त्या खडखडाटात ऐकू जावं म्हणून माझ्या कानात ओरडलीस, "पानी पितीस व्हय गं? आनि मग जानार कुटं?" मला काही कळेना. तू मला हाताला धरून मागच्या दाराशी नेलंस आणि दाखवलंस. शेडच्या मागं पूर्वी वेड्या बाभळीचं रान होतं, बायका तिथं जायच्या, दोघी आत आणि एक राखणीला. ती जागा कुणीतरी विकत घेतली होती आणि तिथं दाराला लागून विटांची भिंत उभी राहिली होती. पुरुषांचं काय, ते त्याच भिंतीला तोंड करून उभे राहत. आपण बावीसजणी सकाळी सातला आत जायचो ते संध्याकाळी सातला बाहेर पडायचो, आणि बाराही तास पाण्याला शिवायचं नाही, हे या कामातलं पहिलं शिक्षण होतं. सुताची गाठ कशी मारायची ते तू मला दुपारनंतर शिकवलंस.

तुझ्या शेजारच्या मशीनवर अक्का असायच्या. बोरगावकडच्या, लिंगायताच्या, घरात कानडी आणि बाहेर आपली मराठी, दोन्ही एकाच वाक्यात. तुमच्या दोघींचं बोलणं त्या गोंगाटात ओठांवरून आणि हातांवरून चालायचं. तुम्ही अख्खा दिवस भांडायचात आणि एक शब्द कुणाला ऐकू जायचा नाही. करंगळी वर केली की लागली आहे, मूठ मिटून दाखवली की दम धर. सगळा दिवस बायकांच्या मुठी मिटलेल्याच. तुला दर महिन्या-दोन महिन्यांनी उन्हाळी लागायची. घरी आलीस की न्हाणीच्या दाराला धरून उभी राहायचीस, डोळ्यांतून पाणी यायचं, आणि मी धने भिजवलेलं पाणी घेऊन बाहेर. अक्का म्हणायच्या, "अय्यो, घरात पानी पिऊन शेडातली तान भागतीया व्हय? तुजं शरीर काय उंटाचं हाय काय गं?" तू म्हणायचीस, "तुजं तरी कुटं गाईचं हाय." आणि दोघी हसायच्या. मला तेव्हा तुमच्या त्या हसण्याचा राग यायचा. आता येत नाही.

मालकांकडं मुकादमाच्या तोंडून विचारून झालं होतं, एकदा नाही, दर सणाला. "बघू की, जागा कुठाय?" हे त्यांचं उत्तर. त्याच वर्षी त्यांनी शेडच्या पुढच्या अंगाला नव्या गाडीसाठी पत्र्याचं छप्पर उभं केलं. गाडीला जागा सापडली. तू ते छप्पर बघून आलीस आणि त्या दिवशी जेवली नाहीस. मालक वाईट माणूस होते असं मी म्हणणार नाही. कुणी आजारी पडलं तर रिक्षा करून द्यायचे. पण बायकांना मूत येतं ही गोष्ट त्यांच्या डोक्यात कधी शिरलीच नव्हती, आणि ती त्यांच्या डोक्यात कोण घालणार? कुठली बाई मालकापुढं तोंड उघडून ते सांगेल? सगळ्याजणी लाजेनं गप्प आणि ते सोयीनं गप्प.

शेडला लागूनच त्यांचा बंगला. दर संक्रांतीनंतर मालकीणबाई हळदीकुंकू करायच्या. चार वाजता कांडीवाल्यांना बोलवायचं आणि पाच वाजता इतर मालकांच्या बायकांना, म्हणजे दोन्ही एका गालिच्यावर बसायला नकोत. आपल्याला तासभर आधी सुट्टी मिळायची, केसांतला कापूस झाडून, घरून आणलेलं लुगडं बदलून बायका जायच्या. तू जायचीस मागच्या दारानं. विधवेला कुंकू लावता येत नाही, म्हणून तुला मागच्या अंगणात कपबशा विसळायला बसवायच्या आणि जाताना चिवड्याची पुडी हातात द्यायच्या. तू त्याबद्दल कधी काही बोलली नाहीस. पण त्या वर्षी मागच्या दारातून आत-बाहेर करताना तू बंगला नीट बघून आलीस. दुसऱ्या दिवशी डबा खाताना, माग बंद असताना, तू अक्कांना म्हणालीस, "बंगल्यात संडास किती हायत ठावं हाय? तीन. माणसं चार. एक खाली हाय, पावण्यांसाठनं. पांढऱ्या फरशीचा. त्यात मी पाऊल बी टाकलं न्हाय." अक्कांचा घास हातात राहिला. "मग पुढच्या सालाला टाक की," त्या म्हणाल्या. हे बोलणं तिथंच विरून गेलं असतं. पण तू ते वर्षभर मनात ठेवलंस.

पुढच्या संक्रांतीपर्यंत माझं एक वेगळंच चाललं होतं, तेही सांगितलं पाहिजे. मालकीणबाईंचा माझ्यावर जीव होता. माझं अक्षर चांगलं, मी दहावी झालेली, त्या मला त्यांच्या मुलीचे जुने ड्रेस द्यायच्या. एकदा म्हणाल्या, "ह्यांना सांगते, तुला ऑफिसात लिहायला घेऊ दे. कांड्या भरत बसायचं तुझं वय आहे का?" मी हे तुला सांगितलं तेव्हा तू माझ्या तोंडावरून हात फिरवलास. ऑफिसात पंखा होता. ऑफिसात दाराला कडी असलेला संडास होता. मला रात्रंदिवस ते दार दिसायचं, आई. दुसरं काही नाही, तेवढं एक दार.

आणि मग तो दिवस आला. सकाळी सातला सगळ्या आत शिरत होत्या, आणि तू दारात माठाशेजारी उभी. हातात गडू. माग सुरू व्हायच्या आधी तू सगळ्यांना सांगितलंस, "आज सगळ्यांनी पोटभर पानी प्यायचं. दुपारच्या डब्यापासनं चार वाजेपतूर. जी पिनार न्हाय तिनं हळदीकुकवाला येऊ नगं." कुणीतरी विचारलं, "आनि लागली तर?" "लागूदे की. त्येच पायजे." अक्कांच्या ध्यानात आधी आलं. त्या खाली बसून हसल्या, पोट धरून हसल्या. मग उठून त्यांनी एकेकीच्या पाठीत गुद्दा घातला, "नीर कुडीरी! प्या गं बायांनो, प्या!" डब्यानंतर माठ तीनदा भरला. वर्षानुवर्षं सुकलेल्या बायका त्या दिवशी कशा पीत होत्या, ते तू बघायला पाहिजे होतंस असं म्हणणार होते, पण तूच तर ओतून देत होतीस. एकेकीपुढं जाऊन, गडू हातात देऊन, ती पिईपर्यंत उभी राहून. मला गडू दिलास आणि तेवढ्यात मुकादमानं तुला हाक मारली.

चार वाजता आम्ही बंगल्यात गेलो. गालिचा, अत्तरदाणी, गुलाबपाणी, ताटात तिळगूळ, बोरं आणि उसाचे करवे. मालकीणबाईंनी त्या वर्षी वाण म्हणून स्टीलची फुलपात्रं आणली होती. पाणी प्यायची फुलपात्रं, आपल्याला. त्यात त्यांचा काही कावा नव्हता बिचारीचा, दुकानात स्वस्तात मिळाली असतील. बायका ठरल्याप्रमाणं सावकाश बसल्या, सावकाश उठल्या, एकेकीनं कुंकू लावून घ्यायला दोन-तीन मिनिटं लावली. मांड्या आवळून बसायची सवय होती म्हणून निभावलं. पाच वाजत आले. फाटकाशी दुसऱ्या मालकांच्या बायकांच्या गाड्या आल्या, जरीच्या साड्या आत येऊ लागल्या, आणि तेवढ्यात तू आलीस. मागच्या दारानं नाही. अंगणातून वळसा घालून, पुढच्या पायऱ्या चढून, ओल्या हातांनी, पांढऱ्या कपाळानं, भर हळदीकुंकवात.  मालकीणबाईंच्या हातातली कुंकवाची कोयरी तशीच राहिली. तू त्यांच्यासमोर उभी राहिलीस आणि शेडमध्ये करतो तशी करंगळी वर केलीस.

"वैनी, लागलीया. कुटं जाऊ?"

मालकीणबाई म्हणाल्या, "अगं, इथं काय? शेडवर जा की."

"शेडवर कुटं, तेवडं तुमीच येऊन दावा," तू म्हणालीस. आवाज चढवला नाहीस. तुझा नेहमीचाच आवाज तेवढा मोठा होता, कांडी मशीनवरच्या सगळ्या बायकांचा असतो तसा. "रोज बारा बारा तास मूत धरून बसतोय आमी. आज पानी पिऊन आलोय सगळ्या. आता दम निघंना."

अक्का उठल्या. "मलाबी लागलीया, वैनी." मग त्यांच्यामागची, मग तिच्यामागची. बावीस करंगळ्या वर. दारातल्या जरीच्या साड्या पुढंही येईनात आणि मागंही जाईनात. त्यांतल्या एक म्हाताऱ्या बाई, कुणाची तरी सासू असणार, मोठ्यानं म्हणाल्या, "अहो, जाऊ द्या की बायांना. किती वेळ धरायचं ते?" आणि लगेच सुनेकडं वळून हळूच विचारलं, "आपल्या शेडवर आहे का गं?" सून खाली बघू लागली. मालकीणबाईंनी बोटानं दार दाखवलं. तू पहिली गेलीस. त्या पांढऱ्या फरशीच्या संडासात तू चांगला वेळ लावलास, आई, आणि बाहेर येऊन पदराला हात पुसत मागच्या अंगणात कपबशांकडं परत गेलीस. मग रांग. हॉलमधून, गालिच्यावरून, सोफ्याला वळसा घालून एकवीस बायकांची रांग, हातात फुलपात्रं, आणि पाहुण्या बायका भिंतीला टेकून उभ्या. मी रांगेत सगळ्यांत शेवटी होते.

त्या संध्याकाळी घरी येताना अक्का वाटभर नाचत होत्या. तू शांत होतीस. चुलीपुढं बसल्यावर मला विचारलंस, "तू बी गेलीस न्हवं?" मी म्हटलं, "गेले की." तू भाकरी उलटलीस.

दुसऱ्या दिवशी मुकादम दारात उभा. तू आणि अक्कांनी आत यायचं नाही, मालकांचा निरोप. तू डबा काखेत मारलास आणि परत फिरायला लागलीस, तर मागं कुणी हलेना. बाकीच्या वीसजणी फाटकासमोर मातीत बसल्या. कुणी घोषणा दिली नाही, आपल्याला घोषणा येत होत्या कुठं? गजरे सुकलेले होते केसांत तसेच. आत आदल्या दिवशीच्या भरलेल्या कांड्या होत्या तेवढ्यावर माग चालले. मग एकेक माग थांबायला लागला. बाहेर बसून आम्हाला ते ऐकू येत होतं, आवाज पातळ होत गेला, साडेअकराच्या सुमाराला शेवटचा माग थांबला आणि मी जन्मात पहिल्यांदा त्या गल्लीत चिमण्यांचा आवाज ऐकला. मागवाले पुरुष बाहेर येऊन विड्या ओढत उभे राहिले. त्यांतला एक म्हणाला, "ह्या बाया लई माजल्यात." अक्का बसल्या जागेवरून म्हणाल्या, "माजलोय तर माजलोय. तू भर जा की कांड्या." तो गेला नाही. त्याला गाठ मारायला येत नव्हती. दुपारी तीन वाजता मालक स्वतः फाटकाशी आले, तुझ्याकडं न बघता म्हणाले, "चला आत. करतो काहीतरी." तू बसूनच राहिलीस. "काहीतरी न्हाय. संडास. कडीचा. आनि पान्याचा नळ." शिमग्याच्या आत तो बांधून झाला. वर पत्रा, दाराला कडी विसरलेली. अक्कांनी घरची कडी आणून ठोकली.

वाणाचं फुलपात्र तुला कुणी दिलं नव्हतं. अक्कांनी त्यांचं तुला दिलं. म्हणाल्या, "मला कुकू लावलंय, तुला फुलपात्र असूदे. वाटनी झाली." ते माझ्याकडं आहे. बुडाला पोचा आलाय. ते ओट्यावर माझ्यासमोर आत्ता उपडं पडलंय.

महिन्याभरानं मला ऑफिसात घेतलं. तू गल्लीत साखर वाटलीस, माझ्या पोरीचं अक्षर मोत्यासारखं हाय म्हणून सगळ्यांना सांगितलंस. तिथून मी पुढं सरकत गेले, लग्न होऊन कोल्हापूरला आले, इथल्या कारखान्यांतही कधी मशीनवर बसले नाही, कायम वही माझ्या हातात. सुपरवायझर झाले. तुझं मात्र जे व्हायचं ते होऊन गेलं होतं. संडास मिळाला, पण त्याआधीची एवढी वर्षं शरीरात राहिली. शेवटी सिव्हिलमध्ये मूत्रपिंडं निकामी होऊन तुझे पाय सुजलेले, आणि तो तरुण डॉक्टर मला विचारत होता, "या पाणी कमी पीत होत्या का?" मी काय सांगणार होते त्याला? तू पलंगावरून म्हणालीस, "कमी कशाला, एक दिवस लई प्यालो." त्याला वाटलं तू भ्रमात आहेस.

आता त्या पोरीचं. शिरोळकडची आहे, कॉलर लावते, माझ्या लाइनला. मागच्या आठवड्यात ती तिसऱ्यांदा किल्ली मागायला आली. मी वहीत बघून म्हटलं, "दोन झाल्या तुझ्या." ती वळली. जागेवर जाऊन बसली. तासाभरानं उठली तेव्हा ओढणी कमरेला बांधलेली होती, आणि ज्या स्टुलावर ती बसली होती ते तिनं स्वतःच कापडाच्या तुकड्यानं पुसलं. सगळ्या लाइननं बघितलं. मला कुणी एक शब्द बोललं नाही, आई. त्यापेक्षा कुणीतरी माझं थोबाड फोडलं असतं तर बरं झालं असतं. मी ती वही घेऊन मॅनेजरकडं गेले, म्हटलं, हे बंद करा. तो म्हणाला, "मॅडम, तुम्ही पण आता त्यांच्यातल्याच का?" मी वही मिटली. त्याच्या टेबलावरची तिळगुळाची वडी घेऊन बाहेर आले. ती वडी मी खाल्लीसुद्धा.

दुसऱ्या दिवशी डब्याच्या सुट्टीत मी पोरींत जाऊन बसले. त्या सरकल्या, पण दूर सरकल्या. मग मी त्यांना तुझी गोष्ट सांगितली. बाभळीचं रान, भिंत, माठ, करंगळी, पांढरी फरशी, सगळी सांगितली. आधी माना खाली होत्या, मग एक हसली, मग सगळ्या. आणि मग त्यांनीच ठरवलं, माझ्याकडं न बघता. उद्या हळदीकुंकू ऑफिसच्या हॉलमध्ये आहे, पाहुण्यांचा संडास तिथंच, सूनबाई तिथंच, फोटो काढणारा तिथंच. उद्या डब्यापासून चार वाजेपर्यंत पोटभर पाणी. "आमच्या गोष्टीत मोबाइल बी हाय," एक म्हणाली, "लाइव्हच करूया की." सगळं ठरलं आणि ती शिरोळची पोर माझ्याकडं वळली. "काकू, तुमी बी पिनार काय?" खोचून नाही विचारलं तिनं. तिला खरंच माहीत नव्हतं. मी म्हटलं, सांगते. सुपरवायझरांना उद्या स्टेजवर खुर्च्या आहेत. मी त्या खुर्चीतून उठून पोरींच्या रांगेत उभी राहिले, तर परवा मला ऑफिसातही खुर्ची नसेल आणि फाटकातही जागा नसेल. घरात बहिरा नवरा आहे, घर माझ्या कामावर चालतं. तिनं विचारलेलं एवढं साधं होतं, आणि मी तिला सांगते म्हटलं.

पोरींना मी सगळी गोष्ट सांगितली असं वर लिहिलंय, ते खोटं आहे. एक गोष्ट गाळली. तुझ्यापासूनही लपवली होती, म्हणून आज ती आधी तुला. त्या दिवशी तू माझ्या हातात गडू दिलास आणि मुकादमानं तुला हाक मारली, तेव्हा मी ते पाणी कोनांच्या पेट्यांमागं ओतलं. एकदा नाही, तिन्ही वेळा. मी एक घोटही प्यायले नाही. मला ऑफिसातलं ते दार दिसत होतं. मी मुद्दाम रांगेत शेवटी उभी राहिले, बाकीच्या जाऊन आल्या, बंगल्याबाहेर पडल्या, आणि संडासाच्या दाराशी मालकीणबाईंनी मला विचारलं, "तुला पण?" मी म्हटलं, "नाही वहिनी, मला नाही लागली." त्यांनी माझ्या पाठीवर हात ठेवला. म्हणाल्या, "तू शहाणी आहेस." माझं अक्षर मोत्यासारखं होतं म्हणून मला ती नोकरी मिळाली नाही, आई. तू ज्याची साखर वाटलीस ते हे होतं. घरी चुलीपुढं तू विचारलंस तेव्हा मी गेले की म्हटलं, आणि तू भाकरी उलटलीस, आणि मला कधीच कळलं नाही की तुला कळलं होतं का. पस्तीस वर्षं मी शहाणी राहिले. त्या शहाणपणानंच माझ्या कमरेला ही किल्ली बांधली.

ही पानं त्याच वहीची आहेत, मागची कोरी. पाठवायची कुठं आणि कुणाला, तेव्हा ती माझ्यापाशीच राहतील, आणि उद्या वही किल्लीसकट सूनबाईंच्या हातात जाईल, वाण म्हणून. त्याआधी ही चार पानं फाडून घ्यायची आठवण ठेवली पाहिजे. भीती वाटत नाही असं मी म्हणणार नाही. पण तुला कुंकू नव्हतं आणि तू पुढच्या दारानं आलीस, मला तर निदान खुर्चीवरून उठायचंच आहे. मघाशी लिहिता लिहिता लक्षात आलं, सकाळपासून मी पाण्याचा घोट घेतला नाही. सुट्टीचा दिवस, संडास दहा पावलांवर, कुलूप नाही, वही नाही, तरी नाही. सवय. मी उठले, अक्कांचं फुलपात्र विसळलं आणि भरून प्यायले. मग आणखी एक. तिसरं भरून शेजारी घेऊन बसले, तेही वरच्या ओळींपाशी संपलं. त्या पोरीला फोनवर लिहिलं, पिणार आहे. तिनं उलट करंगळीचं चित्र पाठवलं. आता हे इथंच थांबवायला पाहिजे. आई, मला लागलीया.